लग्नात टोपी-टॉवेल, साड्या न वाटता तेवढे पैसे दान दिले तर चालेल का? (खान्देशातल्या मंडळींनी सांगा)

तापीकाठचा
जय खान्देश मंडळी. बरीच वर्षं नुसता वाचतोय, धागा पहिल्यांदाच काढतोय, लांबला तर सांभाळून घ्या.

बहिणीचं लग्न ठरलंय, आखाजी (अक्षय्य तृतीया) झाली की मे महिन्यात. आमचं गाव चोपडा तालुक्यात तापीच्या काठावर, मुलाकडचे शिरपूरकडचे. वडील दोन वर्षांपूर्वी गेले, त्यामुळे सगळं आता आई आणि मी असंच बघतोय. परवा बस्त्याची यादी करायला बसलो, टोपी-टॉवेल ५०० नग, साधारण ७५ रुपये जोडी, देण्याघेण्याच्या साड्या १२० त्या अडीचशेच्या, आणि वर स्टीलचे डबे ३०० नग. सगळं मिळून ऐंशी हजाराच्या आसपास जातंय. नवरीची साडी, दागिने, जेवण यात धरलेलं नाही, हे नुसतं वाटायचं.

बहीण तलाठी आहे. ती म्हणाली दादा हे पैसे गावात अभ्यासिकेला दे. तिने परीक्षेचा अभ्यास चोपड्याला जाऊन केला, गावात बसायला जागाच नव्हती, घरात टीव्ही आणि पाहुणे. संध्याकाळची शेवटची एसटी फाट्यावर सोडायची, वडील मोटारसायकल घेऊन तिथे थांबलेले असायचे, थंडीत कानाला मफलर बांधून. चार वर्षं. आता ग्रामपंचायतीने जुन्या चावडीची खोली द्यायचं कबूल केलंय पण आत काहीच नाही, एक ट्यूबलाइट आहे फक्त.

मला पटलं. आईला नाही पटलं. ती म्हणते तुझ्या बापाने पन्नास गावच्या मांडवात टोपी घालून घेतली, आणि त्याच्या लेकीच्या लग्नात लोकं उघड्या डोक्याने परत जातील का. दोन दिवस झाले, या विषयावर बोलत नाही. काय करावं, कोणी केलंय का असं?

एरंडोलची_लेक
दादा, साड्यांचं मी सांगते, कारण ते बायांनाच माहिती असतं. त्या अडीचशेच्या साड्या कोणी नेसत नाही. सुरतहून गठ्ठ्याने येतात, प्लॅस्टिकच्या पिशवीतून निघतसुद्धा नाहीत, या कपाटातून त्या कपाटात फिरतात. माझ्या नणंदेच्या लग्नात मी एक जांभळी साडी दिलेली, पिशवीवर बॉलपेनने "मोठ्या मामी" असं लिहिलेलं, गडबडीत चुकायला नको म्हणून. तीन वर्षांनी पुतणीच्या बारशाला तीच साडी माझ्या ओटीत आली, पिशवीवर माझंच अक्षर. मला रडूच आलं, कारण त्या वर्षी कापूस गेला होता आणि त्या साड्यांसाठी सासऱ्यांनी उसने पैसे आणले होते.

पण एक ऐका, ओटी काढू नका. खण, नारळ, तांदूळ, हळकुंड, हे राहू द्या, त्याला फार पैसे लागत नाहीत आणि बाईला वाटतं आपल्याला मान दिला. विहीणबाई, मामी, आत्या, मावश्या यांना साडी द्याच, पण थोड्या द्या आणि नेसण्यासारखी द्या.

पुण्यातला_खान्देशी
मी केलंय. माझ्या स्वतःच्या लग्नात, धुळ्याला, आणि त्यात जी चूक झाली ती सांगतो म्हणजे तुम्ही करणार नाही.

आम्ही टोपी-टॉवेल, नारळ, सत्कार, सगळं बंद केलं. पानाएवढं छोटं कार्ड छापलं, "आपल्या नावे आम्ही अमुक संस्थेला देणगी दिली आहे", ते जेवणाच्या टेबलावर ठेवलं. संस्था चांगली होती, पैसे खरंच दिले होते, पावती होती. पण दोन गोष्टी झाल्या. एक, माझे मामेसासरे म्हणाले माझ्या नावाने दिलं तर मला विचारलं का, मी त्या संस्थेला कधी दिलं नसतं. आणि त्यांचं बरोबर होतं, नाव त्यांचं होतं ना. दुसऱ्याच्या नावाने दान द्यायचं तर त्याला आधी विचारावं, आणि पाचशे लोकांना विचारता येत नसेल तर आपल्या घराच्या नावाने द्यावं.

दुसरी गोष्ट जास्त लागली. वडिलांचे चुलतभाऊ, आम्ही त्यांना मोठे आप्पा म्हणतो, वय ऐंशीच्या पुढे, साठ किलोमीटरवरून दोन एसट्या बदलून आलेले. जेवण झालं, मांडव रिकामा झाला, केटररची पोरं खुर्च्या एकात एक घालत होती, तरी आप्पा पहिल्या रांगेतल्या खुर्चीवर बसून होते. मी म्हटलं आप्पा चला सोडून देतो गाडीने. ते म्हणाले थांब ना, अजून नावं नाही पुकारली. ते टोपीसाठी थांबले नव्हते, त्यांच्या घरी डझनभर टोप्या असतील. माइकवर त्यांचं नाव, गावाचं नाव, कोणाचे कोण ते सांगितलं जाणार, लग्नाला आल्याची ती पोच असते, तेवढ्यासाठी बसले होते. ते आम्ही टोपीबरोबर काढून टाकलं होतं. पुढच्या वर्षी आप्पा गेले. तुमच्या आई जे म्हणतायत ते हेच म्हणतायत बहुतेक, फक्त टोपी हा शब्द वापरून.

तापीकाठचा
दादा, हे वाचून अंगावर काटा आला. आईला वाचून दाखवलं. काही बोलली नाही पण जेवताना म्हणाली परत वाच.

कापडवाला_धरणगाव
माझं कापडाचं दुकान आहे, लहान. मला धागा वाचून वाईट वाटलं असं नाही पण मलाही बोलू द्या. आमची वर्षाची निम्मी विक्री लग्नसराईत होते. टोपी शिवणाऱ्या बाया घरी बसून शिवतात, डझनावर पैसे मिळतात, चार महिने त्यांचा किराणा त्यावर चालतो. टॉवेल सोलापूरहून येतो, तिथेही कोणीतरी मागावर बसलेलं असतं. तुम्ही दान द्या, चांगलीच गोष्ट आहे, पण टोपी-टॉवेल म्हणजे फुकट गेलेले पैसे असं म्हणू नका एवढंच.

आणि खरं सांगायचं तर गिऱ्हाईक ७५ ची जोडी ४५ ला मागतं तेव्हा मला द्यावी लागते, आणि तो टॉवेल पहिल्या धुण्यात जाळी होतो, अंग पुसलं तर पाणी नुसतं इकडचं तिकडे होतं. ५०० नग तसले देण्यापेक्षा १०० नग चांगले द्या. त्यात माझंही नुकसान नाही, शिवणाऱ्या बाईचंही नाही.

निवृत्त_गुरुजी
जिल्हा परिषद शाळेत छत्तीस वर्षं मास्तरकी केली, अडावद, यावल, शेवटी फैजपूर. दोन शब्द.

लग्नातला खर्च कमी करून तो समाजाच्या कामी लावायचा हा विचार शहरातून किंवा मोबाइलमधून आलेला नाही, आपल्याच मातीतला आहे. महात्मा फुल्यांनी २४ सप्टेंबर १८७३ ला सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षी डिसेंबरात पहिलं सत्यशोधक लग्न लावलं, अगदी थोडक्या खर्चात. गाडगेबाबा तर कीर्तनात हात जोडून सांगायचे की कर्ज काढून सण करू नका, लग्न करू नका, मुलांना शाळेत घाला. त्यांच्या दशसूत्रीत गरीब मुलामुलींना शिक्षण आहे आणि गरीब तरुण-तरुणींचं लग्न हेही आहे, दोन्ही एकाच यादीत. तुमची बहीण त्याच रस्त्यावर आहे.

पण टोपीचंही ऐका. डिसेंबर १९३६ ला काँग्रेसचं अधिवेशन आमच्या फैजपूरला भरलं, खेड्यात भरलेलं ते पहिलं, पंडित नेहरू अध्यक्ष. त्या वेळच्या गोष्टी सांगणारे म्हातारे मी शिक्षक झालो तेव्हा गावात होते आणि ते पांढरी टोपी उशाशी घडी करून ठेवायचे. त्या पिढीला पाहिलेल्या माणसाला टोपी म्हणजे वीस रुपयांचं कापड असं सांगू नये. तुमची आई त्या माणसांच्या घरात वाढली असेल.

आणखी एक विचारतो. तुमच्या घरी आहेराची वही आहे का? वडिलांच्या हातची? ती काढा आणि आईसोबत बसून वाचा. निर्णय त्यात सापडेल असं मला वाटतं.

सीए_भुसावळ
पैशाचं मी सांगतो कारण यात घोळ होतो.

नोंदणीकृत संस्थेला देणार असाल तर तिच्याकडे ८०जी (देणगीवर आयकरात सवलत देणारी मान्यता) आहे का ते आधी विचारा. रक्कम बँकेतून किंवा यूपीआयने द्या, रोख २,००० च्या वर दिली तर ८०जी मध्ये धरत नाहीत. वर्ष संपलं की संस्थेने १०बीई नावाचं प्रमाणपत्र द्यायला हवं, नुसत्या पावतीवर भागत नाही. पण ही सवलत जुन्या कररचनेत आहे, नवीन रचना निवडली असेल तर मिळत नाही, आणि हल्ली पगारदार बहुतेक नवीनमध्ये असतात. त्यामुळे कर वाचेल म्हणून दान असं गणित मांडू नका.

वस्तू दिली, म्हणजे टेबल, खुर्च्या, इन्व्हर्टर, तर ८०जी लागूच नाही, ते फक्त पैशाला आहे. अभ्यासिकेला वस्तूच जास्त उपयोगी, तेव्हा सवलत विसरा आणि वस्तू द्या. ग्रामपंचायतीला देताना मात्र पावती घ्या आणि साहित्याच्या रजिस्टरला नोंद झाली का ते स्वतः बघा. टेबलांवर रंगाने "ग्रामपंचायत अभ्यासिका" लिहून घ्या. नाहीतर पुढच्या निवडणुकीनंतर टेबलं कोणाच्या तरी ओसरीवर दिसतात, मी बघितलंय.

पाहुण्यांच्या नावाने पावत्या फाडायचा विचार असेल तर तो सोडाच, पैसे ज्याच्या खात्यातून जातात पावती त्याची.

रक्तदाता_पाचोरा
आमच्या चुलतभावाच्या लग्नात आम्ही रक्तदान शिबिर घेतलं होतं, त्याचाही विचार करा. उन्हाळ्यात कॉलेजं बंद असतात, शिबिरं होत नाहीत, रक्ताचा तुटवडा पडतो आणि नेमकी आपली लग्नसराई तेव्हाच. जळगावला केशवस्मृतीवाल्यांचं गोळवलकर रक्तकेंद्र आहे, सरकारी रुग्णालयाचं आहे, आधी बोलून ठेवलं तर माणसं आणि सामान घेऊन येतात.

फक्त लग्नाच्या दिवशी दुपारी मांडवात ठेवू नका. आमच्याकडे मे महिन्यात पारा ४४-४५ ला असतो, त्यात नाचून आलेली पोरं उपाशी असतात, आमच्या इथे दोघं चक्कर येऊन पडले. हळदीच्या दिवशी सकाळी लवकर, शाळेच्या खोलीत, नाश्ता आणि पाणी देऊन करा. वय १८ पूर्ण, वजन ४५ किलोच्या वर, हिमोग्लोबिन साडेबारा, एवढं असलं की बहुतेकांना चालतं, बाकी डॉक्टर तपासतात. आमच्याकडे ३१ पिशव्या झाल्या, त्यातल्या ९ जणांनी आयुष्यात पहिल्यांदा दिलं.

शेतकरी_यावल
रोपं वाटू नका एवढं सांगायला आलो. सगळे हेच सुचवतात. वैशाखात लिंबाचं, चिंचेचं रोप काळ्या पिशवीत द्यायचं आणि माणूस ते घेऊन भर उन्हात गाडीच्या डिकीत ठेवणार, घरी जाईपर्यंत पानं उकडलेली. एका लग्नानंतर मी मांडवाच्या मागे शंभरेक पिशव्या पडलेल्या पाहिल्या, घरी पाणी घालून ठेवल्या, वीस-बावीस जगल्या. रोपं द्यायचीच तर मृग लागल्यावर, पहिला चांगला पाऊस झाला की घरोघर नेऊन द्या, खड्डा करून.

सातपुडा_नंदुरबार
दादा, तुमची अभ्यासिका ठरलेली आहे तर तीच करा, पण धागा इतर लोक वाचतील म्हणून आमच्याकडचं सांगतो. नंदुरबार जिल्ह्यात धडगाव, अक्कलकुवा भागात नर्मदेकाठी जीवनशाळा आहेत, नर्मदा आंदोलनातून उभ्या राहिल्या, धरणाने उठवलेल्या गावांची मुलं तिथे राहून शिकतात. धान्य, वह्या, पांघरुणं, सगळं लागतं. जळगावला दीपस्तंभवाल्यांचं मनोबल आहे, दिव्यांग आणि अनाथ मुलं तिथे राहून स्पर्धा परीक्षा करतात. साक्री तालुक्यात बारीपाड्याला जाऊन बघा, गावाने शेकडो हेक्टर जंगल राखलंय, दान कुठे द्यावं हे कळण्याआधी गाव काय करू शकतं ते तिथे कळतं.

संस्था निवडताना एकदा जाऊन या. मी हे कळकळीने सांगतोय कारण आमच्या एका नातेवाइकांनी लग्नात मोठी रक्कम जाहीर केली, टाळ्या झाल्या, चेक पण दिला, वर्षभराने गेलो तर ज्या मुलांसाठी दिले ती मुलंच तिथे नव्हती, खोलीला कुलूप. नाव घेत नाही. जाऊन बघायला एक दिवस लागतो.

जावई_साक्री
सगळं छान आहे पण एक गोष्ट कोणी बोललं नाही. मुलीकडच्यांनी हे एकट्याने ठरवलं तर लोक म्हणणार पैसे वाचवले. आपल्याकडे मुलीच्या बापाला (इथे भावाला) एवढं स्वातंत्र्य नाही, हे खरं आहे आणि ते वाईट आहे. माझ्या लग्नात मी सासऱ्यांना सांगितलं होतं मला टॉवेल-टोपी नको, तरी त्यांनी कर्ज काढून केलं, कारण माझ्या घरच्या कोणी माझ्यासोबत ते तोंडाने म्हटलं नाही. माझे वडील गप्प बसले. मुलाकडच्या मोठ्या माणसाने चार लोकांत, शालमुदीच्या (साखरपुड्याच्या) वेळी, स्वतःहून म्हणायला लागतं की आमच्या माणसांना काही नको. तुमच्या होणाऱ्या जावयाशी बोला, आणि त्याला त्याच्या वडिलांशी बोलायला लावा.

धुळ्याची_आत्या
पत्रिकेत शब्द जपून लिहा रे बाळा. आमच्या इथे एकाने "आहेर स्वीकारला जाणार नाही, त्याऐवजी दान" एवढंच छापलं, अर्ध्या लोकांना वाटलं आपण दान आणायचं, एक जण गव्हाचा कट्टाच घेऊन आला आणि तो कुठे ठेवायचा कोणाला कळेना, बिचारा ओशाळला. आपण आहेर घेत नाही ही एक गोष्ट, आपण द्यायच्या वस्तू देत नाही ही वेगळी गोष्ट. दोन्ही करणार की एकच, ते ठरव.

तापीकाठचा
मंडळी, एवढे दिवस लिहिलं नाही कारण गुरुजींनी सांगितलेलं काम करत होतो. वही सापडली. आईच्या लोखंडी पेटीत, लाल कापडी पुठ्ठ्याची, वडिलांचं अक्षर, वर "श्री" आणि कुलदेवीचं नाव. मी लहान असताना बघितली होती, तेव्हा वाटायचं नुसता हिशोब आहे.

पहिल्या भागात आमच्याकडे आलेले आहेर, आजोबांच्या काळापासून. ५ रुपये, ११ रुपये, एक तांब्या, दोन पायली दादर (ज्वारी). दुसऱ्या भागात वडील कोणाकडे गेले, काय दिलं, आणि तिसऱ्या रकान्यात "टोपी", "टोपी-उपरणं", "टॉवेल". मी मोजली, एका एका नावाची, १४३ घरं. काही नावांपुढे बारीक अक्षरात काहीतरी लिहिलंय. एका ठिकाणी "टोपी घेतली नाही, त्यांच्याकडे पीक गेलं होतं, म्हटलं पुढच्या वेळी." एका ठिकाणी "बैल दिला होता पेरणीला १५ दिवस, विसरू नये." आई वाचता येत नाही म्हणून मला वाचायला लावत होती आणि प्रत्येक नावाला हे कोण, कुठले, कधी आले होते ते सांगत होती. रात्रीचे दोन वाजले.

शेवटी आईच म्हणाली, या १४३ घरांना टोपी द्यायची, ते बापाचं देणं आहे, ते फिटलं पाहिजे. बाकीच्या साडेतीनशे लोकांचं आपल्यावर काही नाही, ते अभ्यासिकेला दे. मी एवढे दिवस पूर्ण किंवा शून्य एवढाच विचार करत होतो, तिने वहीतून रेषा काढून दिली.

साड्यांचंही तिने ठरवलं, ३५, पण ४०० ची, तिच्या हाताने निवडून. डबे बंद. धरणगाववाले दादा, टोपी-टॉवेल तुमच्याकडूनच घेणार, ७५ ची जोडी, भाव करणार नाही.

कापडवाला_धरणगाव
या दादा. चहा प्यायला या. जाड टॉवेल काढून ठेवतो, अंग पुसता येईल असा.

पुण्यातला_खान्देशी
आणि नावं पुकारा, सगळ्यांची. टोपी १४३ ना असली तरी नाव प्रत्येक घराचं.

जावई_साक्री
जावयाशी बोललात का?

तापीकाठचा
हो. तो बोलला वडिलांशी. त्यांनी शालमुदीला स्वतः उभं राहून सांगितलं की आमच्या बाजूच्या कोणाला टोपी-टॉवेल द्यायचा नाही, आणि आमच्यातर्फे सुनेच्या गावच्या अभ्यासिकेला २१,००० रुपये. मला त्यांच्या पाया पडताना बोलता येत नव्हतं.

एरंडोलची_लेक
हे वाचून किती बरं वाटलं सांगू. लग्न झाल्यावर नक्की लिहा, आम्ही वाट बघतोय.

तापीकाठचा
लग्न झालं मंडळी. आज बारा दिवस झाले, थकवा आता उतरतोय.

माइकवर कोणाला बसवायचं हा प्रश्न होता कारण बाहेरचा माणूस नावं चुकवतो. माझा चुलतभाऊ बसला, हातात वही. आम्ही वहीतून नवीन यादी केली होती, घरमालकाचं नाव, गाव, आणि एक ओळ, आमच्याशी काय नातं. ज्यांना टोपी होती त्यांना स्टेजवर बोलावून गंध लावून मी घातली. ज्यांना नव्हती त्यांचंही नाव घेतलं, गाव घेतलं, आई हात जोडून उभी होती शेवटपर्यंत. दीड तास लागला. केटररवाला दोनदा येऊन म्हणाला पंगत थांबलीय, पण कोणी उठलं नाही, लोक एकमेकांची नावं ऐकत होते, हा अमुकचा का, असं म्हणत मागे वळून बघत होते.

एक गोष्ट सांगायचीच आहे. ज्यांनी बैल दिला होता ते बाबा आले होते, वरगव्हाणकडून, नातू घेऊन. चुलतभावाने माइकवर सांगितलं की यांनी पेरणीला पंधरा दिवस बैल दिला होता, वडिलांनी वहीत लिहून ठेवलंय विसरू नये म्हणून. बाबांनी टोपी घातली, माझा हात धरला आणि म्हणाले, "तुन्हा बापनी लिखी ठेयं व्हतं? मी ते इसरी गयथू." मग खाली उतरताना पायरीवर बसूनच राहिले थोडा वेळ.

नाराज कोणी झालं का, हो झालं. दोन-तीन घरं. एक मामा म्हणाले आम्ही वहीत नाही म्हणजे आम्ही परके का. त्यांचं चूक नाही, वडिलांनी त्यांच्याकडचं लिहिलं नसावं किंवा ते पान फाटलेलं असेल. दुसऱ्या दिवशी मी आणि आई त्यांच्या घरी टोपी घेऊन गेलो. पुढच्या वेळी कोणी करणार असेल तर वहीशिवाय म्हाताऱ्या माणसांना तोंडी पण विचारा, आणि पंचवीसेक जोड्या जास्त ठेवा.

निवृत्त_गुरुजी
वही पुढे चालू ठेवा. तुमच्या अक्षरात.

तापीकाठचा
ठेवली गुरुजी. आईने सांगितलं तसं लिहिलंय.

अभ्यासिकेचा हिशोब इथे टाकतो, कोणाला करायचं असेल तर अंदाज येईल. टोपी-टॉवेल १४३ जोड्या १०,७२५ आणि साड्या १४,००० गेल्यावर ठरलेल्या ८०,००० मधले ५५,२७५ उरले (मामांची आणि वरची एक-दोन जोडी मी वेगळ्या खर्चात धरली). व्याह्यांचे २१,००० मिळून ७६,२७५. दोघांना बसता येईल अशी लाकडी टेबलं १२, प्रत्येकी २,८०० म्हणजे ३३,६००. खुर्च्या २४, ६५० ने १५,६००. इन्व्हर्टर बॅटरीसकट २२,०००, कारण आमच्याकडे लाइट संध्याकाळीच जाते. उरले ५,०७५, त्यात पंख्याची वायरिंग आणि दोन पेपर सुरू केले. ग्रामपंचायतीची पावती घेतली, रजिस्टरला नोंद स्वतः बघितली, टेबलांवर नाव रंगवलं. वडिलांचं नाव कुठे टाकलं नाही, बहीण म्हणाली त्यांना आवडलं नसतं.

काल संध्याकाळी सात वाजता गेलो तेव्हा ११ पोरं-पोरी बसलेली होती. त्यातल्या सहा मुली.

धुळ्याची_आत्या
मुली घरी कशा जातात रे बाळा रात्री? खोली चावडीची म्हणजे गावाच्या कडेला असेल.

तापीकाठचा
आत्या, बरोबर विचारलंत, तो प्रश्न आहेच. चावडीपासून मारुतीच्या पारापर्यंत खांबावर दिवा नाही. सध्या नऊला बंद करतो आणि मी किंवा चुलतभाऊ पारापर्यंत जातो सोबत. ग्रामपंचायतीला दोन दिव्यांचा अर्ज दिलाय. सोलरचे खांबावरचे दिवे कोणी बसवलेत का गावात, किती टिकतात, बॅटरी चोरीला जाते म्हणतात ते खरं का? कोणाला माहिती असेल तर सांगा.

शेतकरी_यावल
आमच्याकडे चार आहेत, तीन वर्षं झाली, बॅटरी खांबाच्या वरच्या डब्यात असलेले घ्या, खाली पेटी असलेले घेऊ नका. उद्या फोटो टाकतो.